आईनं मशीन बंद केलं

आमच्या घरात घड्याळ होतं, पण त्याकडे कुणी बघत नसे. वेळ कळायची ती आण्णांच्या शिफ्टवरून, आणि आण्णा घरी नसले तर वीजघराच्या आवाजावरून. त्या आवाजात मी वाढले. सातारच्या पश्चिमेला डोंगरांच्या आत एक लहानसा तलाव होता. त्यातून एक काळा लोखंडी नळ कडा उतरून खाली यायचा, आणि तो जिथं नदीपाशी टेकायचा तिथं दगडी भिंतींची, पत्र्याच्या छपराची एकच इमारत होती. कोयनानगरला डोंगराच्या पोटात केवढाली मशिनं आहेत हे आम्ही ऐकून होतो. आमच्याकडे फक्त एक होतं. त्या एका मशीनपायी तीन ऑपरेटर, एक मदतनीस, एक तलावावरचा पहारेकरी आणि त्यांची कुटुंबं अशी आम्ही माणसं पाच क्वार्टरमध्ये राहत होतो, आणि पावसाळ्याचे चार महिने आम्हाला एकमेकांशिवाय दुसरं कुणी दिसत नसे.

आण्णा म्हसवडकडचे. दुष्काळी मुलखातला माणूस पाण्याच्या नोकरीवर आला याचं त्यांना स्वतःलाच नवल वाटायचं. पलटणीत पंधरा वर्षं गाड्या आणि इंजिनं दुरुस्त करून ते निवृत्त झाले आणि इथं ऑपरेटर म्हणून लागले. बोलणं माणदेशी, मधूनच पलटणीतलं हिंदी. नळाखाली ठेवलेली बादली भरून वाहू लागली की ते कुठूनही ओरडायचे, "अरं, कोण हाय तिथं? पानी चाललंया!" बाहेर दिवसाला दहा इंच पाऊस पडत असला तरी. आईला हसू यायचं. ती सांगलीची, गावभागात वाढलेली. तिच्या वडिलांचं हळदीच्या पेठेत दुकान होतं आणि त्यांनी मुलीला हौसेनं गाणं शिकवलं होतं. लग्न ठरलं तेव्हा गाणं सुटलं. बरोबर आली ती एक हातपेटी, तिचे दोन सूर मुके झालेले. ओल्या हवेत तिसराही झाला.

सांगलीची आठवण आईला सारखी यायची. तिकडून मामा वर्षातून एकदा भडंगाचा डबा आणि बेदाणे पाठवायचे. भडंग पहिल्या आठवड्यातच मऊ पडायचं, मग आई ते तव्यावर पुन्हा भाजायची आणि सगळ्या घरभर लसणाचा वास सुटायचा. एरवी आमच्याकडे नाचणीची भाकरी, कुरडूची नाहीतर भारंगीची भाजी, आणि बापू शेलारांनी ओढ्यातून धरून आणलेले खेकडे. बापू म्हणजे वीजघरातले मदतनीस. वरच्या वाडीतले. त्यांची बायको खेकडे ठेचून, फडक्यातून गाळून रस्सा करायला आईला शिकवून गेली होती. आईनं पहिल्या दिवशी तो नाक धरून केला आणि सगळ्यात जास्त तिनंच खाल्ला, असं आण्णा सांगायचे. आई ते कधी कबूल करत नसे.

पावसाळ्यात कपडे वाळत नसत. चुलीवर टांगले तर धुराचा वास, घरात टांगले तर बुरशी. मशीनमधून गरम हवा बाहेर सोडणारं एक मोठं धुराडं वीजघराच्या मागच्या बाजूला होतं. त्याच्यासमोरच्या कठड्यावर कॉलनीतल्या सगळ्या बायका कपडे घालायच्या. नियमात ते बसत नव्हतं. साहेब यायचे असले की आदल्या दिवशी परकर, लंगोट, शाळेचे गणवेश सगळं उचललं जाई. त्या कपड्यांच्या निमित्तानं आईचं वीजघरात जाणं-येणं असायचं, आणि माझं अभ्यासाच्या. पंचक्रोशीत तेवढा चांगला उजेड दुसरीकडे कुठे नव्हता. कंट्रोल पॅनेलसमोरच्या टेबलाच्या एका कोपऱ्यावर माझी वह्यापुस्तकं असत आणि बाकीच्या टेबलावर लॉगबुक. दर तासाला आण्णा उठायचे, मीटर बघायचे, बेअरिंगच्या थर्मामीटरपाशी वाकायचे आणि लॉगबुकात आकडे लिहायचे. मशीन चालू कसं करतात आणि बंद कसं करतात हे मला कुणी शिकवलं नाही. पॅनेलशेजारच्या पाटीवर शंभरदा वाचलं, पाठ झालं.

आईच्या कानाची गोष्ट इथं सांगायला हवी. तांदूळ निवडताना ती गुणगुणायची आणि सूर धरायची तो मशीनचा. "पेटीवरच्या पांढरी पाचच्या जरासा वर आहे," असं ती म्हणायची. आण्णांना त्यातलं काही कळत नसे. पण एकदा संध्याकाळी ती सहज म्हणाली, "आज तुमचं मशीन उतरलंय बरं का." आण्णा हसत हसत गेले आणि मीटर बघून गंभीर चेहऱ्यानं परत आले. वीज पुरवठ्यावर सगळीकडेच ताण होता आणि फ्रिक्वेन्सीचा काटा पन्नासाच्या ऐवजी अठ्ठेचाळीसवर आला होता. तेव्हापासून त्यांना तो एक खेळच झाला. घरी आले की चपला काढता काढता विचारायचे, "सांग, आज किती?" आई सांगायची, आणि बहुतेक वेळा ते बरोबर निघायचं. कधी कधी साफ चुकायचंही. ते मात्र आण्णा लोकांना सांगत नसत.

मी आठवीत होते त्या वर्षी गौरीच्या आधीच्या आठवड्यात घाटात दरड कोसळली. एक ऑपरेटर सणासाठी वाईला घरी गेला होता. दुसरा कॉलनीचं रेशन आणायला सकाळी खाली उतरला आणि दरडीच्या पलीकडे अडकला. राहिले आण्णा आणि बापू. आण्णांनी दोन दिवस सलग काढले. टेबलावर डोकं ठेवून डुलकी घ्यायची, बापूंनी तासाला उठवायचं, उठून आकडे लिहायचे. तिसऱ्या दिवशी सकाळी मी चहा घेऊन गेले तेव्हा त्यांचे दात वाजत होते. हातातली कपबशीही तशीच वाजत होती. दुपारी बारा-साडेबाराला बापू आमच्या दारात येऊन उभे राहिले.

"वैनी, चला बगू जरा. आण्णास्नी उबं ऱ्हावंना झालंय."

आई आणि बापू त्यांना दोन्ही बाजूंनी धरून घरी घेऊन आले. अंगाला हात लावला तर चटका बसत होता. आईनं दोन घोंगड्या घातल्या, हुलग्याचं माडगं करून चमच्यानं पाजलं. दोन चमचे आत गेले. आण्णा पलटणीतल्या कुणा सोबत्याला हाका मारू लागले, गाडी मागं घे म्हणून सांगू लागले. मध्येच डोळे उघडून स्पष्ट म्हणाले, "बापू, रीडिंग घे. मी आलोच तासाभरात." आणि पुन्हा डोळे मिटले. बापू धावतच वीजघरात परतले. तासभर आई उशाशी बसून होती, ओल्या फडक्याच्या घड्या बदलत. मग शेजारच्या काकूंना आण्णांजवळ बसवून ती उठली, कारण बापू सकाळपासून उपाशी होते. भाकरी आणि पिठलं एका फडक्यात बांधलं. कपडेही आणायचे होते. मी तिच्याबरोबर गेले.

पुढचं मला अजून जसंच्या तसं दिसतं, आणि ऐकू मात्र वेगळं काहीच येत नाही. हे मी मुद्दाम लिहिते आहे. नंतर ही गोष्ट कॉलनीत सांगितली जाऊ लागली तेव्हा शेजारणीसुद्धा म्हणायच्या की आम्हालाही त्या दिवशी आवाज निराळाच वाटत होता. मी तिथं होते. मला काहीही निराळं वाटलं नाही.

आईनं भाकरीचं फडकं टेबलावर ठेवलं आणि ती तशीच उभी राहिली. एक हात फडक्याच्या गाठीवर.

"बापू, हा वरचा आवाज कसला?"

"कंचा ओ?"

"बारीक आहे. मोठ्या आवाजाच्या वर. किणकिणल्यासारखा."

बापूंनी मान वाकडी करून ऐकलं. "रोजचाच हाय की वैनी."

"रोजचा नाही. थर्मामीटर काय म्हणतो?"

"बावन. सकाळधरनं बावनच हाय." बापूंना आकडे वाचता येत, लिहायचं मात्र सहीपुरतं.

आई मशीनच्या कडेनं चालत गेली. या टोकापासून त्या टोकापर्यंत, मग परत. पदर खोचून ती दुसऱ्या बेअरिंगपाशी वाकली आणि तिनं लोखंडावर तळहात टेकवला, लगेच उचलला.

"भाजतंय हो."

"भाजायचंच. त्ये रोजच कडक असतंय." बापू म्हणाले. ते खरंच होतं. ते नेहमीच गरम असायचं. आईनं त्याला याआधी कधी हात लावला नव्हता, त्यामुळे आजचं गरम आणि कालचं गरम यातला फरक तिला कळायचा काही मार्ग नव्हता.

तिनं भिंतीवरच्या फोनचा दांडा फिरवला. साताऱ्याच्या ऑफिसात बराच वेळ कुणी उचलेना. मग साहेब आले. त्यांचं नाव मी लिहीत नाही. वाईट माणूस नव्हता. आई मोठ्यानं बोलत होती आणि तिकडचा आवाज रिसीव्हरमधून बाहेर येत होता, त्यामुळे आम्हाला दोन्ही बाजू ऐकू येत होत्या.

"कोण बोलतंय?"

"मी जगदाळ्यांची मंडळी. ते तापानं पडलेत. शुद्धीत नाहीत. इथं मशीनचा आवाज बदललाय."

"तुम्ही तिथं काय करताय? शेलार कुठे आहेत?"

"इथंच आहेत. साहेब, आवाज बदललाय."

"टेंपरेचर किती आहे?"

"बावन्न."

"मग ठीक आहे. हे बघा बाई, इकडे आधीच वीज कमी पडतेय, तुमचं मशीन बंद झालं तर निम्मा भाग अंधारात जाईल. कशालाही हात लावू नका. त्यांना उठवा."

"ते उठण्यासारखे नाहीत."

"मग मी माणूस पाठवतो."

"रस्ता बंद आहे ना साहेब."

तिकडे खरखर वाढली. मग पुन्हा, "कशालाही हात लावू नका." आईनं रिसीव्हर कानापासून दूर केला. तो जागेवर न अडकवता तिनं टेबलावर ठेवला, भाकरीशेजारी. त्यातून साहेबांचा आवाज येतच होता, "हॅलो, हॅलो".

"शालू, हे बंद कसं करतात?"

मी सांगितलं. शाळेत कविता म्हणून दाखवावी तसं सांगितलं. आधी हातचाक उलटं फिरवून पाणी कमी करत भार उतरवायचा, मीटर शून्याजवळ आलं की स्विच पाडायचा, मग चाक पुरतं मिटायचं, शेवटी नळावरचा मोठा व्हॉल्व्ह. बापू दोन पावलं मागं सरले.

"वैनी, माज्यानं न्हाई व्हनार. साहेब नगं म्हनत्यात. माजी नोकरी जाईल ओ."

"तुम्ही हात लावू नका, बापू. मी लावते. तुम्ही बाजूला उभे राहा."

ती चाकाला भिडली. ते जड होतं. तिच्या बांगड्या लोखंडावर वाजत होत्या, दोन फुटल्या. मी मीटरसमोर उभी राहून ओरडत होते, "चारशे... तीनशे... हळू, आई, हळू... दोनशे..." पन्नासवर आलं तेव्हा मीच म्हणाले, "आता स्विच." तिनं दांडी खाली ओढली आणि बंदुकीचा बार व्हावा तसा आवाज झाला. आम्ही दोघी किंचाळलो. मशीन एकदम सुटल्यासारखं जोरात फिरू लागलं, आई पुन्हा चाकाकडे धावली, आणि तेवढ्यात बापूंनी काय मनात आणलं कोण जाणे, "हटा वैनी" म्हणून त्यांनी तिला बाजूला केलं आणि चाक गरगरा मिटवलं. मग धावत जाऊन मोठा व्हॉल्व्हही त्यांनीच आवळला. मशीन हळूहळू मंदावत गेलं. थांबायला त्याला बराच वेळ लागला.

तो आवाज नाही असं माझ्या आठवणीत कधी झालंच नव्हतं. वर्षातून एकदा दुरुस्तीसाठी बंद व्हायचं तेव्हा आम्ही म्हसवडला देवाला गेलेलो असायचो. नदी इतकी मोठ्यानं वाहते हे मला त्या दिवशी कळलं. कुणाचं तरी पोर रडत होतं तेही ऐकू आलं. दारं उघडली, बायका पावसात बाहेर येऊन उभ्या राहिल्या. टेबलावरचा रिसीव्हर आता गप्प होता.

आई स्टुलावर बसली आणि तळहात बघू लागली. ते सोलवटले होते. "लॉगबुकात लिहावं लागतं ना?" ती म्हणाली. "लिही."

मी घड्याळ बघून वेळ लिहिली. एक वाजून चाळीस मिनिटं. "काय लिहू?"

"आवाज बदलला असे वाटल्यावरून मशीन बंद केले."

"कुणी म्हणून लिहू?"

"मी केलं ना? माझं नाव लिही. बापूंचं लिहू नकोस."

मी माझ्या वळणदार शाळकरी अक्षरात लिहिलं, सौ. सुमन जगदाळे. आण्णांच्या किरट्या आकड्यांच्या खाली ते नाव फारच मोठं दिसत होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आण्णांचा ताप उतरला. डोळे उघडल्यावर त्यांनी पहिलं विचारलं, "मशीन का बंद हाय?" आईनं सांगितलं. त्यांनी सदरा चढवला, भिंत धरत धरत वीजघरात गेले, लॉगबुक वाचलं आणि थर्मामीटरकडे बराच वेळ बघत बसले. बेअरिंग उघडून बघणं त्यांना अवघड नव्हतं. पलटणीत त्यांनी याहून मोठी उघडली होती. पण वरिष्ठांच्या परवानगीशिवाय सील तोडायचं नाही असा नियम होता आणि एक नियम मोडलेला असताना दुसरा मोडायचा नाही असं त्यांनी ठरवलं. त्यामुळे दोन दिवस आम्हाला काहीच कळलं नाही. आईनं जे केलं ते बरोबर होतं की वेडेपणा, याचं उत्तर पन्नास पावलांवर एका लोखंडी झाकणाखाली होतं, आणि आम्ही भाकरी खात होतो, भांडी घासत होतो. आई त्या दोन दिवसांत गुणगुणली नाही. आण्णा तिला रागावले नाहीत, पण एकदा न राहवून म्हणाले, "निदान मला हलवून तरी बगायचं." ती म्हणाली, "हलवलं असतं तर तुम्ही मला गाडी मागं घ्यायला सांगितलं असतं." त्यावर दोघंही हसले नाहीत.

तिसऱ्या दिवशी साहेब आले. जीप दरडीपाशी सोडून चिखलातून दोन मैल चालत, पायांना जळवा लागलेल्या, बरोबर एक मिस्त्री. आल्या आल्या त्यांनी झाकण उघडायला लावलं. आम्ही पोरंटोरं खिडकीच्या गजांना लटकलो होतो, आई मात्र घरात होती. मिस्त्रीनं बेअरिंगचा अर्धा भाग काढून उजेडात धरला. आतला पांढरा धातू मेणासारखा ओघळलेला होता. आतल्या दांड्यावर तेल चढवणारी कडी अडकून बसली होती आणि थर्मामीटरचं टोक त्याच्या भोकातून कधीचं बाहेर निसटलं होतं. तो मोजत होता ती नुसत्या हवेची ऊब.

"किती वेळ चाललं असतं?" साहेबांनी विचारलं.

"अर्धा तास म्हना. मंग दांडा गेला आसता. दांड्यासंगं सगळंच."

साहेब तिथंच पायरीवर बसले. मग ते आमच्या घरी आले, मोरीत पाय धुतले, जळवांच्या जागी आईनं हळद दाबली, चहा घेतला. आणि ते बोलले ते अगदी मनापासून बोलले. आण्णांना म्हणाले, "जगदाळे, तुम्ही आजारी असतानाही जागेवर होतात, आवाजावरून तुम्हाला शंका आली, तुम्ही मशीन बंद केलंत. असं लिहून द्या. मी तुमचं नाव वर पाठवतो. लॉगबुकाचं पान मी बदलून घेतो."

"आनि खरं लिवलं तर?"

"तर ऑपरेटर जागेवर नव्हता आणि बाहेरच्या बाईनं मशीनला हात लावला. मग माझ्या हातात काही राहत नाही. शेलारही अडकतील."

आण्णा आईकडे बघू लागले. आई म्हणाली, "द्या की लिहून. मला काय करायचंय नावाचं?" आणि ती स्वयंपाकघरात गेली. मी आतच होते. तिनं पीठ मळायला घेतलं आणि मळतच राहिली, पाणी जास्त झालं तरी. सोलवटलेल्या हातांना ते झोंबत असणार. मी तिच्या तोंडाकडे बघितलं आणि मला कळलं की तिला नाव हवं होतं. मशीनसाठी नव्हे, साहेबांसाठी नव्हे. आयुष्यात तिनं स्वतःच्या मनानं केलेली ती एकच गोष्ट होती आणि ती दुसऱ्या कुणाच्या नावावर जात होती.

बाहेर आण्णांनी साहेबांचा रिकामा कप उचलून बाजूला ठेवला. मग म्हणाले, "साहेब, बापूचं नाव त्या पानावर न्हाई. त्यो सुटला. माजं म्हनाल तर मी जागेवर नव्हतो ह्ये खरंच हाय. पोरीनं लिवलंय ते पान फाडून मी तिला रोज साळंत कशाला धाडू?"

साहेबांनी त्यांना खूप समजावलं. शेवटी टोपी उचलून गेले. रात्री, जेवायला बसल्यावर, आई आण्णांवर उखडली. "मला कुणी हार घालणार होतं का? नोकरीवर का उठलात?" आण्णा म्हणाले, "हार कोन घालतंय? पर तू केलंस ते केलंस." एवढंच. तिनं त्यांच्या ताटात न विचारता आणखी एक भाकरी वाढली.

मला मात्र झोप लागेना. नाव मी लिहिलं होतं. आई सांगत होती तरी मला नुसतं 'बंद केले' लिहून थांबता आलं असतं. महिन्याभरानं बदलीचा हुकूम आला तेव्हा हे मी आण्णांना रडत रडत सांगितलं. त्यांनी हुकूम घडी करून खिशात ठेवला आणि म्हणाले, "अक्षर चांगलं हाय तुजं. तसंच ठेव." मशीनवरून काढून त्यांना स्टोअरमध्ये टाकलं होतं, नटबोल्ट आणि तारांची भेंडोळी मोजायला. ठिकाण सांगली.

इतकी वर्षं जिच्यासाठी आईचा जीव तुटत होता तीच सांगली. शिक्षा म्हणून मिळाली. आई हुकूम ऐकून म्हणाली, "बरं झालं," आणि नंतर मी तिला मागच्या कठड्यापाशी बघितलं. बेअरिंगची दुरुस्ती अजून चालू होती, गरम हवा येत नव्हती, कपडे ओलेच होते. तरी ती तिथंच उभी होती.

आम्ही निघायच्या आदल्या दिवशी नवं बेअरिंग बसलं. साहेब आले होते, वाईचा ऑपरेटर चाकावर होता, मिस्त्री कान लावून होता. पाणी सोडलं, मशीन फिरू लागलं, वेग आला. साहेबांनी बापूंना काहीतरी सांगितलं आणि बापू पळत आमच्या घरी आले. "वैनी, सायेब बलावत्यात. आवाज आयकायला." आई हात पुसत गेली. साहेबांनी स्वतः दरवाजा उघडून धरला. कशालाही हात लावू नका म्हणणारे तेच साहेब. ती मशीनच्या कडेनं या टोकापासून त्या टोकापर्यंत चालली आणि सगळे पुरुष गप्प उभे राहिले. तिनं मान डोलावली. मग ऑपरेटरनं भार चढवला.

सांगलीत आम्हाला मारुती रोडच्या मागे दोन खोल्या मिळाल्या. मी पुढं डिप्लोमा केला, वर्गात आम्ही दोनच मुली, आणि त्याच खात्यात नोकरीला लागले. मशीनवर नाही, सबस्टेशनमध्ये. आण्णा स्टोअरमधूनच निवृत्त झाले. त्यांना नटबोल्ट कधी आवडले नाहीत, पण त्यांनी आम्हाला ते जाणवू दिलं नाही. या गोष्टीवर मी आईशी पुन्हा कधी बोलले नव्हते. बोलले ते पंचवीसेक वर्षांनी. एका उन्हाळ्यात दुपारी आम्ही दोघी सांडगे घालत बसलो होतो. आदल्या आठवड्यात मी ट्रान्सफॉर्मरच्या आवाजाला घाबरून एक लाईन बंद केली होती आणि उघडून बघितल्यावर काहीसुद्धा निघालं नव्हतं. अर्धं शहर तीन तास उकडत बसलं. सगळ्यांनी मला बोल लावला. मी आईला म्हणाले, "तुझा कान मला नाही आला."

ती सांडगे घालतच राहिली. मग म्हणाली, "त्या दिवशी माझी तरी कुठं खात्री होती?"

"म्हणजे?"

"ह्यांना बरं नव्हतं. माझं चित्त थाऱ्यावर नव्हतं. भीतीनंच कानात वाजतंय की काय, असं मला चाक फिरवताना सारखं वाटत होतं. बापूंना ऐकू येत नव्हतं, तुला येत नव्हतं. दोन दिवस मी देवाला म्हणत होते, की उघडल्यावर काहीतरी मोडलेलं निघू दे."

"मग बंद का केलंस?"

तिनं हातातलं पीठ परत पातेल्यात ठेवलं. "मी चुकले असते तर मला बोलले असते. तेवढंच ना? बोलणी खायची सवय होती मला." आणि माझ्या तोंडाकडे बघून म्हणाली, "तुला बोलले तर बोलले. परत तसं वाटलं, तर परत बंद कर."